सहा लाख अडुसष्ट हजार दोनशे तीन रुपये, सात आणे

गेल्या वर्षी मार्च महिन्यात एका रविवारी संध्याकाळी आमच्या घरी एका कॉन्ट्रॅक्टरने एस्टिमेट आणून दिलं. एकूण रक्कम २१ लाख ४० हजार. घर क्रांती चौकापासून चालत सात-आठ मिनिटांवर. आजोबांनी १९८१ साली बांधलेलं, खाली तीन खोल्या, वर दोन, आणि वर गच्ची. घरात दुरुस्तीसाठी होते १५ लाख. त्यातले ९ माझ्या पाच वर्षांच्या नोकरीतून उरलेले आणि ६ बाबांच्या निवृत्तीच्या पैशांतले. डिसेंबरात बहिणीचं लग्न ठरलं होतं.

मी सॉफ्टवेअर इंजिनियर आहे. कोणताही आकडा समोर आला की मला तो आधी फोडून पाहावासा वाटतो. कागदावर आठ ओळी होत्या. पहिली ओळ समोरच्या बाजूच्या इलेव्हेशनची, ग्रॅनाइट आणि काच धरून, ४ लाख ८० हजार. मग फरशी, स्वयंपाकघर, दोन बाथरूम, रंग, फॉल्स सीलिंग, वायरिंग. आठवी आणि शेवटची ओळ गच्चीच्या वॉटरप्रूफिंगची होती, ८० हजार. आमच्या घराची खरी अडचण या आठव्या ओळीत होती. आजीच्या खोलीचं छत चार पावसाळे गळत होतं. तिच्या पलंगाची जागा आम्ही दोनदा बदलली होती, आणि जूनपासून सप्टेंबरपर्यंत खोलीत एक पातेलं कायम ठेवलेलं असायचं.

पैसे कमी पडणार म्हटल्यावर बाबा म्हणाले, ‘‘गच्ची पुढच्या वर्षी करू. लग्नाला लोक समोरून येणार आहेत, गच्चीवरून नाही.’’

यावरून आमचं वाजलं. चार दिवस आम्ही जेवणाच्या ताटावर एकमेकांशी बोललो नाही. बाबांची बाजू मला कळत नव्हती असं नाही. तीस वर्षं त्यांनी वाळूजच्या कारखान्यात पाळीची नोकरी केली, आणि शेजारची घरं एकेक करून दोन-तीन मजली होताना पाहिली. त्यांना एकदा आपलं घर समोरून बरं दिसायला हवं होतं. मला आजीच्या खोलीत पाणी नको होतं. दोन्ही गोष्टी एकाच पंधरा लाखांतून हव्या होत्या.

त्याच आठवड्यात पुण्याहून आलेल्या एका मित्राला घेऊन मी मकबऱ्यात गेलो. आमच्या शहरात वाढलेल्या माणसाने मकबरा शाळेच्या सहलीत एकदा आणि पाहुण्यांबरोबर पन्नासदा पाहिलेला असतो, म्हणजे खरं तर कधीच पाहिलेला नसतो. मित्राने भिंतीवर हात ठेवून विचारलं, ‘‘हा संगमरवर इथेच का संपतो?’’ मी पाहिलं. कमरेच्या जरा वरपर्यंत पांढराशुभ्र दगड होता आणि त्याच्या वर घोटलेला चुना. उत्तर मला येत नव्हतं. पण घरी कागदावर असलेला आमचा प्रश्न आणि हा प्रश्न एकाच जातीचे आहेत एवढं मात्र तिथेच कळलं. पुढचे दोन महिने मी रात्री काम संपलं की याच इमारतीचा हिशेब वाचत बसलो.

औरंगजेबाचं नाव निघालं की आमच्या शहरात बोलणं लगेच दुसऱ्या वाटेला लागतं. त्या वाटेवर बोलणारे पुष्कळ आहेत. मला इथे फक्त त्याच्या बांधकामाच्या वहीशी काम आहे.

ती इमारत जिची कबर आहे ती दिलरस बानू बेगम, औरंगजेबाची पहिली बायको, सफवी घराण्यातल्या शाहनवाज खानाची मुलगी. १६३७ साली तिचं लग्न झालं. सप्टेंबर १६५७ मध्ये तिने मुलाला, अकबराला, जन्म दिला आणि महिन्याभरात, ८ ऑक्टोबरला, याच शहरात ती वारली. नंतर तिला ‘राबिया-उद-दौरानी’ ही पदवी मिळाली. मकबरा तिच्या मुलाने, आझम शाहने, बांधला असं गाइड सांगतात. आझमचा जन्म जून १६५३ चा. आई गेली तेव्हा तो चार वर्षांचा होता, आणि दरवाजावरच्या लेखातलं हिजरी १०७१, म्हणजे इसवी १६६०-६१, उजाडलं तेव्हा सात-आठ वर्षांचा. इमारतीवर नाव मुलाचं लागलं असेल, पैसे बापाच्या खजिन्यातून आले हे उघड आहे. बांधकामाचा काळ १६५१ ते १६६१ असा सर्रास छापला जातो. पण कबर जिची आहे ती १६५७ पर्यंत जिवंत होती, त्यामुळे त्यातली पहिली सहा वर्षं मला तरी मान्य करता येत नाहीत.

खर्चाचा आकडा गुलाम मुस्तफाच्या ‘तारीखनामा’तून आलेला आहे: ६,६८,२०३ रुपये आणि ७ आणे. मंजूर रक्कम ७ लाख होती असं सांगितलं जातं. म्हणजे ३१,७९६ रुपये ९ आणे उरले, साधारण साडेचार टक्के. सरकारी काम मंजुरीच्या आत बसलं, आणि सात आणेसुद्धा लिहून ठेवले गेले. मी हा आकडा पहिल्यांदा वाचला तेव्हा मला ते सात आणेच जास्त आवडले. कुणीतरी कारकून रोजच्या मजुरीची बेरीज करत बसला असणार.

मकबऱ्याची थट्टा करायची तर त्याला ‘गरिबांचा ताज’ म्हणतात, आणि त्या थट्टेच्या मागे दोन रकमांची तुलना असते. ताजमहालाला ३ कोटी २० लाख लागले असं सगळीकडे छापतात. त्या हिशेबाने मकबरा जवळजवळ अठ्ठेचाळीस पट स्वस्त. पण शाहजहानचा दरबारी इतिहासकार अब्दुल हमीद लाहोरी ‘पादशाहनामा’त ५० लाख हा आकडा देतो. तो धरला तर फरक साधारण साडेसात पटींवर येतो. लाहोरीच्या रकमेत सगळं साहित्य धरलेलं नसावं असं काही अभ्यासक मानतात. ज्याने घराचं काम काढलं आहे त्याला ही गोष्ट समजावून सांगावी लागत नाही. ‘आम्हाला एवढे लागले’ असं शेजारी सांगतो तेव्हा त्यात मजुरी आहे का, टाइल त्याने स्वतः आणल्या का, वायरमन मेव्हणा होता का, हे विचारल्याशिवाय त्या आकड्याला अर्थ नसतो. त्याचा आकडा उचलून आपलं बजेट ठरवणं ही सगळ्यात महागाची चूक.

आता मित्राच्या प्रश्नाकडे येतो. संगमरवर तिथेच का संपतो?

झाँ-बातिस्त तावेर्निए हा फ्रेंच जवाहिऱ्या सुरतेहून गोवळकोंड्याला जात होता. त्याने आपल्या प्रवासवर्णनात लिहून ठेवलं आहे की औरंगाबादपासून पाच दिवसांच्या वाटेवर त्याला याच कामाच्या संगमरवराने भरलेले तीनशेहून जास्त गाडे भेटले, आणि त्यातल्या सगळ्यात लहान गाड्यालाही बारा बैल जुंपलेले होते. दगड लाहोरच्या बाजूने येतो आणि वाटेत जवळजवळ चार महिने जातात असं त्याने म्हटलं आहे. पुढच्या अभ्यासकांनी तो जयपूरकडच्या खाणींचा मानला आहे. या भेटीचं साल १६५३ असं सांगतात. बेगम १६५७ ला वारली हे लक्षात घेतलं तर ते जुळत नाही, पण तावेर्निए या रस्त्यांवरून अनेकदा गेला होता. मला सालापेक्षा बैल महत्त्वाचे वाटले. तीनशे गाडे गुणिले किमान बारा, म्हणजे ३,६०० बैल. चार महिने त्यांची वैरण, गाडीवानांची मजुरी, वाटेतले नाके, मोडलेली चाकं. दगड खाणीच्या तोंडाशी काय भावाने मिळाला हा प्रश्न तिथे गौणच झाला असणार. संगमरवराची खरी किंमत रस्त्यात होती.

उलट आपल्या पायाखाली काळा दगड आहे. अजिंठा आणि वेरूळ ज्यात कोरलं तोच बेसाल्ट, फुकट नाही पण दाराशी. म्हणून मकबऱ्याच्या कारागिरांनी काय केलं ते भिंतीवरच लिहिलेलं आहे. खालचा पट्टा, जिथे माणसाचा हात लागतो, खांदा घासतो, पाणी उडतं आणि नजर जवळून जाते, तो संगमरवराचा. त्याच्या वर घुमटाच्या बुडापर्यंत काळा दगड, त्यावर बारीक चुन्याचा गिलावा, तो घोटून चकचकीत केलेला आणि त्यात वेलबुट्टी काढलेली. आणि वर घुमट पुन्हा संगमरवरी, कारण तो दुरून दिसतो आणि पाऊस थेट त्याच्यावर पडतो. मधला सगळा भाग, जो जवळून कुणी पाहत नाही आणि जो एकूण क्षेत्रफळात सगळ्यात मोठा आहे, तो स्वस्त. पैसे कमी पडले म्हणून संगमरवर मध्येच सोडून दिला असता तर तो खालून वर चढत कुठेतरी थांबला असता, घुमटापर्यंत पोहोचलाच नसता. इथे तो दोन टोकांना आहे. कुठे खर्च करायचा आणि कुठे नाही हे आधी बसून ठरवल्याचं मला यात दिसतं.

हे ठरवणाऱ्यांची नावं दरवाजावरच्या लेखात आहेत. अताउल्लाह हा स्थपती आणि हंसपत राय हा अभियंता. अताउल्लाह हा ताजमहालाशी ज्याचं नाव जोडतात त्या उस्ताद अहमद लाहोरीचा मुलगा. त्याची दुसरी ओळख आपल्याकडे फारशी कुणाला नसते. त्याने १६३४-३५ च्या सुमारास भास्कराचार्यांच्या ‘बीजगणिता’चं फारसीत भाषांतर केलं होतं. भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी जो मठ काढला त्याचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण्याला आहे. आमच्या शहरातून निघून कन्नडचा घाट उतरलं की तो डोंगर दिसतो. बीजगणित फारसीत नेणारा माणूस त्या डोंगराच्या अलीकडे, सात लाखांत मकबरा बसवायला आला होता. अज्ञात राशी आधी मांडायची आणि मग समीकरण सोडवायचं, ही सवय त्याला नक्कीच होती.

इथपर्यंत वाचून मी बाबांना सांगितलं, बोलणं एव्हाना पुन्हा सुरू झालं होतं. म्हटलं, ‘‘बाबा, समोरच्या भिंतीला तीन फुटांपर्यंत दगड लावू, वर साधा गिलावा आणि चांगला रंग. साडेचार लाखांचं काम दीड लाखात होईल.’’

बाबा म्हणाले, ‘‘म्हणजे आपलाही गरिबांचा ताजच ना?’’

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्यांनी ते हसत म्हटलं नव्हतं. कमी पैशात नीट केलेली गोष्ट आणि पैसे नाहीत म्हणून कमी केलेली गोष्ट यातला फरक करणाऱ्याला कळतो. पण लग्नाला येणाऱ्या पाहुण्याला तो कळेलच असं नाही, आणि बाबांना त्या पाहुण्यासमोर उभं राहायचं होतं. आकड्यांनी हा मुद्दा सुटत नाही. मी तो तसाच ठेवला आणि पुढे वाचत राहिलो.

पुढे जे सापडलं त्याने माझाच गैरसमज मोडला. माझ्या डोक्यात असं होतं की पैसे भरपूर असते तर प्रश्नच नव्हता. ताजमहालाला कुणी पैशांची अट घातली नव्हती. डिसेंबर १६५२ मध्ये औरंगजेब दख्खनच्या सुभेदारीवर यायला निघाला तेव्हा वाटेत आग्र्याला त्याने आईच्या कबरीचं दर्शन घेतलं आणि पुढे धोलपूरहून बापाला पत्र लिहिलं. हे पत्र ‘आदाब-ए-आलमगिरी’त आहे. त्यात तो कळवतो की इमारत भक्कम आहे, पण पावसाळ्यात मुख्य घुमट उत्तरेच्या बाजूने गळतो, मोठ्या कमानी, वरच्या मजल्यावरचे कोनाडे आणि लहान घुमट यांनाही ओल आली आहे. कारागिरांचं म्हणणं असं पडलं की वरच्या मजल्याचं छप्पर उघडून त्यावर नव्याने चुन्याचा जाड थर दिला तर कमानी आणि लहान घुमट नीट होतील, मोठ्या घुमटाचं मात्र त्यांना काही सुचत नाही. काम सुरू होऊन जेमतेम वीस वर्षं झाली होती. जगातली सगळ्यात देखणी इमारत गळत होती आणि मुलगा बापाला गच्चीबद्दल लिहीत होता.

मला हे पत्र वाचून हसू आलं, आणि मग जरा बरं वाटलं. पुढे या बाप-लेकाचं पैशावरून अनेक वर्षं बिनसलेलं राहिलं. दख्खनच्या सुभ्याचा खर्च उत्पन्नात भागत नव्हता. मुलगा माळवा आणि गुजरातच्या खजिन्यातून पैसे मागत होता, बाप म्हणत होता की तिथली शेती सुधार आणि तिथलाच खर्च तिथे भागव. बऱ्हाणपूरच्या शाही झाडाचे आंबे कमी का आले यावरूनही पत्रं गेली. त्यांच्या भांडणाचा शेवट आग्र्याच्या किल्ल्यात बापाच्या कैदेने झाला. आमचं ताटावरच्या अबोल्यावर निभावलं हे बरंच म्हणायचं.

त्या पत्रापेक्षाही मोठी गोष्ट लाहोरीच्या नोंदीत आहे. ताज बांधून झाला तेव्हा शाहजहानने त्याच्या देखभालीसाठी तीस गावं लावून दिली. त्यांचा वर्षाचा महसूल १ लाख रुपये. शिवाय आवाराबाहेरच्या बाजारपेठा आणि सराया यांचं भाडं, २ लाख. मिळून वर्षाला ३ लाख, त्यातून डागडुजी, सेवकांचे पगार आणि दानधर्म. लाहोरीचाच ५० लाखांचा आकडा धरला तर दर वर्षी सहा टक्के. म्हणजे बांधणाऱ्याने इमारत पूर्ण झाली त्या दिवशी ती बिघडणार हे गृहीत धरलं होतं, आणि त्याची तजवीज तेव्हाच केली होती. औरंगजेबाचं पत्र येऊ शकलं, कारागीर छप्पर पाहायला वर चढू शकले, ते या पैशांमुळे.

मी माझ्या स्प्रेडशीटकडे परत गेलो. त्यात इलेव्हेशन होतं, वॉटरप्रूफिंगही मी वर आणून ठेवलं होतं. पण ‘नंतर’ अशी ओळ नव्हती. आजोबांनी १९८१ मध्ये घर बांधलं तेव्हाही ती नव्हती. चाळीस वर्षांत गच्चीवर एकदाही काम झालं नाही, कारण त्यासाठी वेगळा काढलेला एक रुपयाही कधी नव्हता. दर वर्षी थोडं डांबर लागलं असतं, दर आठ-दहा वर्षांनी कोबा पाहिला असता, तर आज आजीच्या खोलीत पातेलं नसतं. मकबऱ्याच्या बाबतीत तर हे जास्तच लागू आहे. चुन्याचा गिलावा स्वस्त असतो, पण तो दगडासारखा स्वतःच्या बळावर टिकत नाही. आज भारतीय पुरातत्त्व खात्याला त्या पांढऱ्या भिंतींचे पोपडे पुन्हा पुन्हा दुरुस्त करावे लागतात. बांधताना वाचवलेले पैसे पुढच्या पिढ्या हप्त्याने भरतात. स्वस्त पर्याय निवडणं चूक नाही, पण त्या हप्त्यासकट तो निवडायला हवा.

क्रांती चौकात शिवाजी महाराजांचा अश्वारूढ पुतळा आहे. फेब्रुवारी २०२२ मध्ये तो नव्या उंच चौथऱ्यावर बसवला. याच जागी काळा चबुतरा होता, १८५७ मध्ये बंड करणाऱ्या घोडदळाच्या शिपायांना इथे मृत्युदंड दिला गेला, आणि चौकाचं नाव त्यावरून आलं. ऑफिसातून परतताना सिग्नलला थांबलो की मी वर पाहतो. हिशेबांच्या नादात असताना मला आठवलं की महाराजांचाही दुरुस्ती-बांधकामाचा एक कागद आहे. १६७१-७२ चा. किल्ल्यांवरच्या इमारतींसाठी १ लाख ७५ हजार होनांची तरतूद, किल्लावार वाटून दिलेली. त्यातले ५० हजार एकट्या रायगडाला, कारण तिथे राजधानी उभी राहत होती. सिंहगड, सिंधुदुर्ग, विजयदुर्ग, सुवर्णदुर्ग, प्रतापगड, पुरंदर आणि राजगड यांना प्रत्येकी १० हजार. मग ५ हजारांचे किल्ले, मग २-३ हजारांचे, मनोहरगडाला १ हजार. आणि शेवटी किरकोळ कामांसाठी ७ हजार.

हा कागद मी पुन्हा पुन्हा वाचला. यात सगळ्यांना सारखं वाटलेलं नाही, आणि जो मागेल त्यालाही दिलेलं नाही. आधी एकूण रक्कम ठरली, मग सगळ्यात महत्त्वाच्या जागेला मोठा वाटा, मग समुद्रावरचे आणि मोक्याचे किल्ले, मग बाकीचे, पण यादीतला लहानातला लहान किल्लाही कोरडा ठेवलेला नाही. शेवटची ७ हजारांची ओळ एकूण रकमेच्या बरोबर चार टक्के आहे. मकबऱ्याचे उरलेले पैसे साडेचार टक्के. दोन शत्रूंच्या वह्यांत जवळजवळ तेवढीच मोकळी जागा निघाली हा योगायोग आहे आणि मी त्यातून काही सिद्ध करणार नाही. पण आमच्या एस्टिमेटमध्ये किरकोळला एक रुपयासुद्धा ठेवलेला नव्हता, हे त्यामुळेच माझ्या लक्षात आलं.

चार टक्के आम्हाला पुरणार नव्हते हेही तितकंच खरं. मकबरा मोकळ्या जमिनीवर नव्याने बांधला गेला. जुनं घर उघडताना आत काय आहे ते कुणालाच माहीत नसतं. कॉन्ट्रॅक्टरऐवजी आम्ही शेवटी एका जुन्या मिस्त्रीचाचांना बोलावलं. ते हातोडीने छताला टकटक करत फिरले, जिथे पोकळ आवाज आला तिथे खडूने गोल काढला, आणि म्हणाले, ‘‘साहेब, या गोलांच्या आत काय आहे ते फोडल्यावर सांगतो. आत्ता सांगितलं तर खोटं होईल.’’ एस्टिमेट देणाऱ्यांपैकी मला पहिल्यांदाच कुणीतरी ‘माहीत नाही’ म्हणालं होतं. मी त्या गोलांसाठी पंधरा टक्के बाजूला काढले. १५ लाखांतले २ लाख २५ हजार. उरलेल्या १२ लाख ७५ हजारांत सगळं बसवायचं ठरलं.

यादी आम्ही दोघांनी मिळून केली, बाबा आणि मी, एका रविवारी दुपारी. मी त्यांना किल्ल्यांचा कागद दाखवला. ते बराच वेळ पाहत राहिले आणि म्हणाले, ‘‘आपला रायगड गच्ची आहे असं तुझं म्हणणं.’’ मी म्हटलं, ‘‘हो. आणि समोरचा भाग सिंहगड. त्यालाही द्यायचंच आहे.’’ मग ते पेन घेऊन बसले. गच्ची, नळ आणि वायरिंग वर गेलं, कारण हे तिन्ही भिंतीच्या आणि फरशीच्या आत असतं आणि नंतर करायचं तर आधी केलेलं फोडावं लागतं. फॉल्स सीलिंग गेलं. स्वयंपाकघर आईला विचारून ठरलं. तिला मॉड्यूलर नको होतं, ओटा चार इंच उंच हवा होता, पाठ दुखते म्हणून. तेवीस वर्षं ती त्या ओट्यावर वाकत होती आणि आमच्यापैकी कुणी विचारलं नव्हतं. त्या चार इंचांना फार पैसे लागले नाहीत.

मे महिन्यात गच्ची उघडली. दोन गोलांच्या आत सळ्या गंजून फुगल्या होत्या. बाथरूमची भिंत फोडल्यावर लोखंडी नळ हाताने तुटत होता. त्या दोन गोष्टींनी बाजूला काढलेल्या पैशांतले १ लाख ८७ हजार घेतले. ती रक्कम वेगळी नसती तर ती फरशीतून किंवा समोरच्या भिंतीतून कापावी लागली असती, आणि आमचं ताटावरचं भांडण पुन्हा सुरू झालं असतं. गच्चीवर ब्रिकबॅट कोबा झाला, पाण्याच्या तोंडाकडे उतार नीट दिला, आणि चार दिवस पाणी साठवून ठेवून खाली पाहिलं. आजी रोज सकाळी स्वतः छताला हात लावता येत नाही म्हणून काठीचं टोक लावून बघायची.

मकबऱ्याच्या पश्चिमेला एक मशीद आहे. ती मूळ आराखड्यात नव्हती, नंतर निजामाच्या काळात बांधली गेली, आणि तिच्यामुळे चारी बाजूंचा तोल बिघडला. काम चालू असताना आमच्याकडेही अशा मशिदी बऱ्याच आल्या. मामा म्हणाले, आता कामगार आलेच आहेत तर वर एक खोली काढून घ्या. शेजारचे म्हणाले, फाटक पण बदला. ‘आलेच आहेत तर’ हे शब्द कानावर आले की आम्ही यादी काढून वाचायचो. त्यातल्या एकाच गोष्टीला बाबा अडले, समोरच्या दगडाला. मी तीन फूट म्हटलं होतं, त्यांनी दाराभोवतीची चौकटही दगडाची करून घेतली. २८ हजार जास्त गेले. तिथे मी काही बोललो नाही. दारातून आत येणारा माणूस सगळ्यात जवळून तेवढंच पाहतो, हे तर अताउल्लाहनेही मान्य केलं असतं.

सप्टेंबरच्या शेवटी हिशेब मिटवला तेव्हा १० हजार उरले होते. सात लाखांत एकतीस हजार उरवणाऱ्या हंसपत रायाच्या तोडीचं काम नाही, पण कर्ज काढावं लागलं नाही. त्या पावसाळ्यात आजीच्या खोलीत पातेलं लागलं नाही. तरी जुलैभर ती ते पलंगाखाली ठेवूनच झोपायची. डिसेंबरात लग्न झालं. दाराची चौकट छान आहे असं दोन-तीन पाहुणे म्हणाले आणि बाबांनी ते मला दोनदा सांगितलं. वरच्या गिलाव्याबद्दल कुणीच काही बोललं नाही.

लग्नाची धावपळ संपल्यावर बाबा एकदा पोस्टात जाऊन आले. उरलेले १० हजार त्यांनी बचत खात्यात टाकले होते आणि महिन्याला १,५०० रुपयांचं आवर्ती ठेवीचं खातं उघडलं होतं. वर्षाला १८ हजार, म्हणजे आमच्या पंधरा लाखांवर सव्वा टक्क्याहून जरा कमी. तीस गावांचा महसूल आमच्याकडे नाही. पासबुकाच्या कव्हरवर त्यांनी बॉलपेनने एक शब्द लिहिला आहे, कुणाच्या लग्नासाठी किंवा आजारपणासाठी ते पैसे कधी काढले जाऊ नयेत म्हणून.

‘गच्ची.’